केवडा, भुरी आणि कंदकूज : सगळीच बुरशी ही बुरशी नव्हे



तासगाव, पलूस, मिरज, कवठे महांकाळ या भागांतील द्राक्ष बागायतदारांच्या मेळाव्यात एक प्रश्न हमखास विचारला जातो. "बुरशीनाशक चांगल्या कंपनीचे आणले, वेळेवर मारले, पंपही नवा आहे. तरी बुरशी हटली नाही, उलट वाढली. औषध बनावट होते काय?" साताऱ्याकडे कोरेगाव, कराड भागात गेले की हाच प्रश्न आल्याच्या कंदकुजीबाबत कानावर येतो. औषध कधीकधी बनावट असतेही. परंतु पुष्कळदा औषध खरे असते, मात्रा बरोबर असते आणि चूक निराळ्याच ठिकाणी झालेली असते. ज्याला आपण बुरशी समजून औषध मारले ती मुळात बुरशीच नसते.

हे वाचून काही वाचकांना हसू येईल. पानावर पांढरा कापूस दिसतो, तो बुरशी नव्हे तर काय? या लेखात त्याचाच खुलासा करावयाचा आहे. वनस्पतिशास्त्रातील वर्गीकरण हा परीक्षेपुरता पाठ करण्याचा विषय आहे असा आपला समज असतो. द्राक्ष, आले, हळद, बाजरी ही पिके घेणाऱ्याच्या बाबतीत मात्र या वर्गीकरणाचा संबंध थेट औषधाच्या बिलाशी येतो.

एकाच वेलीवर दोन पाहुणे

२०१९ सालचा ऑक्टोबर-नोव्हेंबर सांगली जिल्ह्यातील बागायतदारांच्या लक्षात असेल. परतीचा पाऊस लांबला, फळछाटणी झालेल्या बागा पोंगा आणि फुलोऱ्याच्या अवस्थेत सापडल्या आणि केवड्याने घडच्या घड गेले. आपण या रोगाला 'डाऊनी' म्हणतो, काही गावांत 'दावण्या' असेही म्हणतात. दुसरा नेहमीचा रोग म्हणजे भुरी. दोन्हींत पांढरे दिसते, दोन्ही पाने आणि घड धरतात, त्यामुळे दोघांना एकाच माळेचे मणी समजले जाते.

आता जरा निरखून पाहा. केवड्यात पानाच्या वरच्या बाजूस प्रथम फिकट पिवळा, तेलाचा थेंब सांडल्यासारखा डाग दिसतो. त्याच डागाच्या बरोबर खाली, पानाच्या मागील बाजूस, पांढरी दाट लव येते. लव बोटाने पुसली तरी वरचा पिवळा डाग तसाच राहतो, कारण रोग पानाच्या आत आहे. भुरीत राखाडी-पांढरी पावडर पानाच्या दोन्ही बाजूंस, कोवळ्या काडीवर आणि मण्यांवर पसरते आणि बोटाने पुसली की निघून येते. भुरीचा रोगकारक पानाच्या पृष्ठभागावर अंथरुणासारखा पसरलेला असतो. आतमध्ये फक्त सालीच्या पेशींत तो आपली शोषकांगे रोवतो.

शंका असल्यास एक सोपी चाचणी घरी करता येते. संशयित डाग असलेली चार-पाच पाने संध्याकाळी तोडावीत, ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळून प्लॅस्टिकच्या पिशवीत घालावीत आणि पिशवीचे तोंड बांधून रात्रभर अंधाऱ्या जागी ठेवावी. केवडा असेल तर सकाळी डागांच्या मागील बाजूस ताजी पांढरी लव उगवलेली दिसते. डाग औषधाच्या चटक्याचा किंवा अन्नद्रव्याच्या कमतरतेचा असेल तर काही उगवत नाही. या चाचणीला पैसा लागत नाही, आणि चुकीची एक फवारणी वाचली तरी एकरी बरीच रक्कम वाचते.

रात्री काय घडते?

पिशवी अंधारात ठेवावयास सांगितली त्याला कारण आहे. केवड्याचा रोगकारक, शास्त्रीय नाव प्लाझ्मोपॅरा व्हिटिकोला, हा आपली पिलावळ रात्रीच्या अंधारात तयार करतो. हवा जवळजवळ पूर्ण दमट असावी लागते, किमान चार तास अंधार लागतो आणि तापमान १८ ते २२ अंश सेल्सिअसच्या आसपास असले तर त्याला फारच मानवते. आपल्याकडे छाटणीनंतर पाऊस झाला, किंवा पुढे दव आणि धुके पडू लागले, की नेमके हेच हवामान मिळते. अशा रात्री पानाच्या मागील पर्णरंध्रांतून बारीक फांद्यांची झाडे बाहेर येतात आणि त्यांच्या टोकांना लिंबाच्या आकाराच्या बीजाणुधान्या लटकतात. आपल्याला दिसणारी पांढरी लव ती हीच.

पहाटे वाऱ्याने किंवा पावसाच्या थेंबाने ही बीजाणुधानी सुटते आणि दुसऱ्या ओल्या पानावर पडते. यापुढचा भाग सूक्ष्मदर्शकाखाली एकदा तरी पाहण्यासारखा आहे. पाण्याच्या थेंबात ती बीजाणुधानी अंकुर न काढता फुटते आणि आतून साधारण चार ते आठ लहान जीव बाहेर पडून चक्क पोहू लागतात. यांना चलबीजाणू म्हणतात. प्रत्येकाला दोन शेपट्या असतात. पुढची पिसासारखी, मागची चाबकासारखी गुळगुळीत. पानावरील पाण्याच्या पातळ पापुद्र्यात पोहत ते पर्णरंध्र शोधतात, तेथे शेपट्या टाकून गोल होतात आणि नळी काढून रंध्रातून आत शिरतात. पाने दोन-तीन तास ओली राहिली तरी त्यांचे काम होते. हवामान अनुकूल असेल तर पाच-सात दिवसांत वर तेलकट डाग दिसतो. म्हणजे आज जो डाग आपण पाहतो त्याची लागण गेल्या आठवड्यातील ओल्या पहाटेची आहे, आणि आज जी फवारणी करावयाची ती येणाऱ्या ओल्या पहाटेसाठी.

द्राक्षाच्या पानाची पर्णरंध्रे मागील बाजूस असतात. पानाच्या वरूनच भिजवून परतणारी फवारणी केवड्याच्या दृष्टीने अर्धीच होते. नोझल खालून वर मारणारे असावे हे वारंवार सांगितले जाते, त्यामागचे कारण हे आहे.

मग हा कोणाच्या कुळातला?

बुरशी पोहते असे आपण कधी ऐकले आहे काय? भुरी पोहत नाही, भाकरीवरची बुरशी पोहत नाही, ट्रायकोडर्मा पोहत नाही. (खऱ्या बुरशींपैकी एका जुन्या गटात पोहणारे बीजाणू आहेत, परंतु त्यांना एकच आणि गुळगुळीत शेपटी असते.) दोन शेपट्यांची, त्यांपैकी एक पिसासारखी, अशी ठेवण तपकिरी समुद्रशेवाळाच्या पुनरुत्पादक पेशींत सापडते. शेपटीवरून कूळ ओळखावे तसे झाले. पुढे आनुवंशिक द्रव्याच्या अभ्यासानेही हाच निष्कर्ष निघाला. केवड्याचा रोगकारक हा तपकिरी शेवाळ आणि डायटम यांचा भाऊबंद आहे. बुरशीशी त्याचे नाते दूरचे. या गटाला ऊमायसीट असे नाव आहे.

जुन्या काळी सजीवांचे दोनच भाग मानत : वनस्पती आणि प्राणी. बुरशी चालत नाही म्हणून वनस्पतीत घातली गेली. १८६६ साली जर्मन शास्त्रज्ञ हेकेल याने धड वनस्पती नव्हेत, धड प्राणी नव्हेत अशा सूक्ष्म जीवांसाठी 'प्रोटिस्टा' हा तिसरा विभाग सुचविला. १९६९ साली अमेरिकेतील व्हिटेकर यांनी पाच सृष्टी मांडल्या आणि बुरशीला स्वतःची सृष्टी मिळाली. आपल्यापैकी अनेकांनी शाळा-महाविद्यालयात हीच पाच सृष्टींची मांडणी शिकलेली आहे. पुढे लिन मार्ग्युलिस यांनी ऊमायसीटना बुरशीतून काढून प्रोटिस्टांच्या विस्तारलेल्या सृष्टीत नेले. कॅव्हेलिअर-स्मिथ यांनी १९८१ साली त्यांच्यासाठी आणि त्यांच्या शेवाळ नातेवाइकांसाठी 'क्रोमिस्टा' ही वेगळी सृष्टी सुचविली. आज प्रोटिस्टा हे एक कूळ मानले जात नाही. ज्यांना बुरशी, वनस्पती, प्राणी यांत बसविता येत नाही अशा अनेक कुळांचे ते गाठोडे आहे. गंमत म्हणजे खरी बुरशी वनस्पतीपेक्षा प्राण्यांच्या, म्हणजे तुमच्याआमच्या, अधिक जवळची ठरली आहे.

नावांचा हा घोळ शास्त्रज्ञांना लखलाभ असो. आपल्याला त्यातील दोन गोष्टी पक्क्या लक्षात ठेवावयाच्या आहेत. पहिली, खऱ्या बुरशीच्या पेशीची भिंत कायटिनची असते, तर ऊमायसीटची भिंत मुख्यतः ग्लुकान आणि सेल्युलोजची असते. दुसरी, खऱ्या बुरशीच्या पेशीपटलात अर्गोस्टेरॉल नावाचा स्निग्ध पदार्थ असतो आणि बुरशी तो स्वतः तयार करते. केवडा आणि कंदकुजीचे ऊमायसीट तो तयारच करीत नाहीत.

औषधाच्या डब्यापर्यंत

हेक्साकोनॅझोल, मायक्लोब्युटॅनिल, पेन्कोनॅझोल ही ट्रायअझोल गटातील औषधे भुरीवर चालतात. कशी, तर ती अर्गोस्टेरॉल तयार होण्याची साखळी तोडतात. केवड्यात ती साखळीच नाही. जो कारखानाच नाही त्याला कुलूप लावून काय उपयोग? तीच गोष्ट कार्बेन्डॅझिमची. खऱ्या बुरशीच्या अनेक रोगांवर हे औषध काम करते, परंतु ऊमायसीटच्या पेशीत त्याची पकड बसत नाही. केवडा आलेल्या बागेत कार्बेन्डॅझिम मारणे म्हणजे पाणी मारणेच होय.

उलट बाजूही तशीच आहे. मेटॅलॅक्झिल हे ऊमायसीटच्या आरएनए तयार करणाऱ्या यंत्रणेवर घाव घालते. भुरीला त्याचे काहीच वाटत नाही. डायमेथोमॉर्फसारखी औषधे ऊमायसीटच्या भिंतीची बांधणी बिघडवतात, तीही भुरीवर चालत नाहीत. गंधक भुरीचे जुने आणि आजही भरवशाचे औषध आहे. केवड्यावर ते निकामी. मॅन्कोझेब केवड्यापासून संरक्षण देते, परंतु भुरीसाठी त्याच्यावर विसंबू नये. दोन्हींवर चालणारी काही औषधे आहेत, उदाहरणार्थ ॲझॉक्सिस्ट्रॉबिन, कारण पेशीतील ऊर्जा तयार करण्याची यंत्रणा दोघांतही आहे. परंतु अशा औषधांचा सारखा वापर केला की रोगकारक लवकर सरावतात, म्हणून त्यांचा उपयोग मोजकाच करावा.

सरावण्याचा हा धोका पोकळ नाही. मेटॅलॅक्झिल युरोपात वापरात आले आणि अवघ्या दोन-तीन वर्षांत, १९८० च्या सुमारास, त्याला न जुमानणारे बटाट्याच्या करप्याचे व द्राक्षाच्या केवड्याचे वाण तेथे दिसू लागले. म्हणून फवारणीसाठी हे औषध एकटे न येता मॅन्कोझेबबरोबर मिसळून येते. शेजाऱ्याने तीन फवारे मारले म्हणून आपण चार मारावेत ही चढाओढ करू नये.

बोर्डो मिश्रणाची हकिगत येथे सांगावीशी वाटते. केवडा मूळचा अमेरिकेतील. १८७८ साली तो फ्रान्सच्या बागांत आढळला आणि तेथील द्राक्षशेती हवालदिल झाली. बोर्डो येथील प्राध्यापक मिलार्डे यांना १८८२ साली एक चमत्कार दिसला. रस्त्याकडेच्या वेली हिरव्यागार आणि आतल्या पानगळ झालेल्या. चौकशीअंती कळले की वाटसरूंनी द्राक्षे चोरू नयेत म्हणून मालकाने कडेच्या वेलींवर मोरचूद आणि चुन्याचे पाणी शिंपडले होते. १८८५ साली त्यांनी हे मिश्रण प्रसिद्ध केले. तांब्याचे कण पानावरील पाण्यात विरघळतात आणि पोहणारा चलबीजाणू आत शिरण्यापूर्वीच मरतो. एकदा तो आत शिरला की बोर्डोचा हात पोहोचत नाही, म्हणून हे औषध पावसाआधीचे आहे. एक टक्का मिश्रणास १ किलो मोरचूद, १ किलो चांगला चुना आणि १०० लिटर पाणी लागते. कोवळ्या फुटीवर तीव्रता कमी ठेवावी. तयार मिश्रणात स्वच्छ लोखंडी खिळा बुडवून पाहावा. त्यावर तांबूस थर चढला तर चुना कमी पडला असे समजावे. हे मिश्रण त्याच दिवशी वापरावे व दुसऱ्या कीडनाशकात मिसळू नये.

भुरीची रीत अगदी उलटी आहे. तिच्या बीजाणूंत पाण्याचा स्वतःचा साठा असतो, त्यामुळे रुजण्यासाठी पानावर पाणी लागत नाही. उलट साचलेल्या पाण्यात तिचे बीजाणू नीट रुजत नाहीत. पाऊस थांबला, आभाळ मात्र भरलेले, हवा दमट आणि वेलीच्या छत्रीत दाट सावली, हे भुरीचे दिवस. म्हणून केवड्याचा धोका ओसरला की पुष्कळ बागायतदार निश्चिंत होतात आणि भुरी नेमकी तेव्हा येते. दाट फुटवे काढून ऊन आणि वारा आत जाऊ देणे हा दोन्हींवरचा समान उपाय आहे. कडक उन्हात गंधक मारू नये, पाने आणि मणी करपतात.

आल्याच्या वाफ्यात

आता सातारा जिल्ह्याकडे वळू. आल्याची लागण अक्षय तृतीयेच्या सुमारास होते आणि जुलै-ऑगस्टच्या पावसात कंदकूज डोके काढते. तिचा एक मुख्य कारक पिथियम, हाही ऊमायसीट, म्हणजे केवड्याचाच चुलतभाऊ. त्याचे चलबीजाणू पानावर न पोहता जमिनीतील पाण्यात पोहतात. स्वतःच्या बळावर ते फार दूर जात नाहीत, परंतु वाहते पाणी त्यांना वाफ्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत नेते. पाटपाण्यात रोग सरीच्या दिशेने पुढे सरकताना दिसतो तो यामुळेच. गादीवाफा, ठिबक आणि पावसाचे पाणी काढून देणारा चर ही येथे पहिली औषधे आहेत. ती सोडून नुसत्या आळवणीवर भिस्त ठेवणाऱ्याचे पैसे पाण्याबरोबर वाहून जातात, असे माझे स्पष्ट मत आहे.

परंतु आल्याच्या बाबतीत अडचण अशी की कुजविणारे तिघे आहेत. पिथियममुळे खोडाचा जमिनीलगतचा भाग पाणी भरल्यासारखा मऊ होतो, शेंड्याकडून पाने पिवळी पडतात आणि खोड ओढले की सहज हातात येते. गड्डा लिबलिबीत होतो. फ्युजॅरियम ही खरी बुरशी आहे. तिच्यात झाड सावकाश पिवळे पडते, खुरटते, खोड ओढून सहज निघत नाही आणि गड्डा आतून तपकिरी व कोरडा कुजतो. तिसरा जीवाणूजन्य मर रोग. त्यात झाड एकदम सुकते. खोडाचा तुकडा कापून काचेच्या पेल्यात स्वच्छ पाण्यात धरला तर काही मिनिटांत दुधाळ धागे खाली उतरताना दिसतात. हा तिसरा ना बुरशी ना ऊमायसीट, त्यामुळे वरील बुरशीनाशकांपैकी कार्बेन्डॅझिमही नाही आणि मेटॅलॅक्झिलही नाही. रोगट झाडे गड्ड्यासह काढून नष्ट करावीत आणि त्या वाफ्याचे पाणी पुढे जाऊ देऊ नये.

आपल्याकडे बेणेप्रक्रियेला आणि आळवणीला कार्बेन्डॅझिम सर्रास वापरले जाते. फ्युजॅरियमसाठी त्याचा उपयोग आहे. पिथियमला त्याने काही होत नाही, एवढेच नव्हे तर नुकसानही संभवते. मातीत पिथियमशी स्पर्धा करणाऱ्या खऱ्या बुरशी असतात, त्या औषधाने मरतात आणि पिथियमला मैदान मोकळे मिळते. कार्बेन्डॅझिमच्याच गटातील बेनोमिलबाबत परदेशात असा अनुभव नोंदविला गेला आहे. पिथियमची खात्री झाल्यास मेटॅलॅक्झिल आणि मॅन्कोझेब यांच्या मिश्रणाची (८ टक्के अधिक ६४ टक्के) २.५ ग्रॅम प्रति लिटर पाणी या प्रमाणात रोगट जागेभोवती आळवणी करावी. रोगट गड्डा आधी काढून टाकावा.

ट्रायकोडर्मा वापरणाऱ्यांनी येथे विशेष लक्ष द्यावे. ट्रायकोडर्मा ही आपल्या बाजूने लढणारी खरी बुरशी आहे. सोमवारी शेणखतातून ट्रायकोडर्मा टाकावयाचा आणि गुरुवारी कार्बेन्डॅझिमची आळवणी करावयाची, असे करणारे शेतकरी भेटतात. आपलेच सैन्य आपणच मारतो. मेटॅलॅक्झिल ट्रायकोडर्माला फारसे बाधत नाही, कारण तो त्याच्या कुळाचा शत्रू नाही. मिश्रणात मॅन्कोझेब असल्यामुळे मात्र दोन्ही एकाच दिवशी न देता मध्ये आठ-दहा दिवसांचे अंतर ठेवावे.

पिथियमचे जाड कवचाचे विश्रांती बीजाणू मातीत दीर्घकाळ टिकतात. आल्यावर आले घेऊ नये. आल्यावर हळद हाही फेरपालट नव्हे, दोघींनाही कंदकूज होते. सांगलीकडील हळद उत्पादकांनी बेणे निवडताना रोगमुक्त रानातील गड्डे घ्यावेत, स्वस्त मिळाले म्हणून बाजारातील कसलेही बेणे उचलू नये. द्राक्षाच्या केवड्याचे असेच बीजाणू गळलेल्या पानांत राहतात, म्हणून छाटणीनंतरचा पालापाचोळा बांधावर न टाकता बागेबाहेर नेऊन नष्ट करावा.

बाजरी, बटाटा आणि खताचा ढीग

माण, खटाव, जत, आटपाडी या दुष्काळी तालुक्यांतील शेतकऱ्यांना केवड्याची ओळख द्राक्षाआधी बाजरीने करून दिली. कणसाच्या जागी पानांचा झुबका येतो, त्याला आपण गोसावी म्हणतो. तोही ऊमायसीटच. १९७१ साली एचबी-३ या संकरित बाजरीवर त्याची मोठी साथ आली होती. यासाठी मेटॅलॅक्झिल ३५ टक्के बियाणे प्रक्रियेचे औषध ६ ग्रॅम प्रति किलो बियाण्यास चोळावे. बाजरीचाच अरगट मात्र खरी बुरशी आहे. तिच्या काळ्या गाठी काढण्यासाठी १० लिटर पाण्यात २ किलो मीठ विरघळवून त्यात बियाणे बुडवावे, तरंगणारे काढून जाळावे, तळाचे बियाणे दोन-तीन वेळा धुऊन सावलीत वाळवावे. मिठाच्या पाण्याने गोसावी जात नाही आणि मेटॅलॅक्झिलने अरगट जात नाही. दोन्ही प्रक्रिया कराव्यात, मीठ आधी.

बटाट्याचा उशिरा येणारा करपा, ज्याने १८४५ पासून आयर्लंडमध्ये भीषण दुष्काळ पाडला, तोही याच कुळातला फायटोफ्थोरा.

पावसाळ्यात शेणखताच्या ढिगावर किंवा उसाच्या पाचटावर कधीकधी पिवळा, फेसासारखा चिकट गोळा दिसतो आणि दुसऱ्या दिवशी तो वीतभर सरकलेला असतो. घाबरून त्यावर बुरशीनाशक ओतणारे आहेत. ही श्लेष्मबुरशी. नाव बुरशीचे असले तरी तीही प्रोटिस्टांपैकीच, अमिबाच्या नात्यातली. कुजणाऱ्या पदार्थावरील जीवाणू खाते, पिकाला काही करत नाही. तिला तशीच सोडावी.

नमुना कसा न्यावा

रोग ओळखता आला नाही तर दुकानदाराला फोटो दाखविण्याआधी नमुना घेऊन कृषि विज्ञान केंद्रात जावे. सातारा जिल्ह्यात बोरगाव येथे, सांगली जिल्ह्यात कांचनपूर येथे केंद्र आहे. द्राक्ष निर्यात करणाऱ्यांनी फवारणीपूर्वी मांजरी येथील राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्राची चालू हंगामाची शिफारस यादी आणि काढणीपूर्व कालावधी पाहावा, ही यादी बदलत असते.

नमुना नुकता सुरू झालेल्या रोगाचा असावा. पूर्ण वाळलेले पान किंवा सडून गेलेला गड्डा आणू नये, त्यावर नंतर आलेली दुसरीच बुरशी सापडते. पाने कोरड्या कागदात ठेवावीत, प्लॅस्टिकमध्ये कोंबू नयेत (रात्रभराची पिशवीची चाचणी निराळी). आल्याचे झाड मुळे, गड्डा आणि भोवतालच्या मातीसह आणावे. गेल्या पंधरा दिवसांत कोणते औषध, किती आणि कधी मारले ते चिठ्ठीवर लिहून सोबत द्यावे. ही चिठ्ठी नसली तर निम्मे निदान अडते, आणि तीच बहुतेक वेळा घरी राहिलेली असते.